खळीचा वास

दिगंबर सोनकुसरे याच्या गौरवग्रंथासाठी चार गोड आठवणी लिहून द्याव्यात, अशी विनंती घेऊन समितीचे दोन सद्गृहस्थ माझ्याकडे आले होते. दोघांनी वाकून नमस्कार केला, चहा घेतला आणि ‘सर, तुम्ही त्यांना सगळ्यांत आधीपासून ओळखता’ असं पुन्हा पुन्हा बजावून गेले. ओळखतो, हीच तर अडचण होती. मी लिहायला बसलो. दुसऱ्याच वाक्यात ‘ऋषितुल्य’ हा शब्द आला आणि मला मळमळू लागलं. मला पित्ताचा त्रास आहे हे खरं. पण सगळंच पित्तावर ढकलणं बरं नव्हे. मी प्रकृतीचं कारण कळवून टाकलं. ग्रंथ यथाकाल निघाला. उशाला घेता येईल इतका जाड आहे. त्यात जे नाही ते इथं लिहितो.

दिगंबरला एक सवय होती. काहीही केलं की लगेच वळून विचारायचं, “कसं वाटलं?” गाणं म्हटलं, कसं वाटलं. भाषण केलं, कसं वाटलं. त्याचे वडील वारले तेव्हा घाटावर त्यानं चार शब्द बोलून जमलेल्यांना रडवलं. भलेभले गडी नाकं ओढत होते. डोळे पुसत तो माझ्याजवळ आला, खांद्यावर डोकं टेकलं आणि कानात म्हणाला, “कसं वाटलं गा, मास्तर?” चिता अजून नीट पेटलीही नव्हती.

एकोणीसशे साठच्या दशकात नागपुरात गोळीबार चौकाच्या आतल्या बाजूला, कोष्ट्यांच्या एका गल्लीच्या तोंडाशी मी खोली घेऊन राहत होतो. कॉलेजात इंग्रजी शिकवायचो आणि घरी येऊन मागांचा खटखटाट ऐकायचो. दोहोंपैकी मागांतून अधिक अर्थबोध होई. दिगंबरच्या घरी दोन माग होते: एक वडिलांचा, एक थोरल्या भावाचा, नामदेवचा. नामदेवची बायको सुभद्रा दारात बसून कांड्या भरायची, म्हणजे धोट्यात घालायच्या नळ्यांवर सूत गुंडाळायची. भरता भरता स्वतःशीच काहीबाही गुणगुणायची.

आणि उजाडताना पाजणी. ती सांगितल्याशिवाय दिगंबर कळायचा नाही. मागावर चढवायच्या आधी उभं सूत, म्हणजे ताणा, गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत बांधतात. त्याला तांदळाची आंबवलेली खळ पाजतात आणि ओलं आहे तोवर लांब कुंच्यांनी विंचरत राहतात. दोन्ही बाजूंना माणसं, एक लय, एकच दिशा. सूत वाळेपर्यंत कुंचा थांबवायचा नाही. थांबला की दोरे एकमेकांना धरून बसतात, आणि त्या ताण्याचा पापड होतो. म्हणून हे काम ऊन चढायच्या आत उरकायचं. पाजणी कुणाचीही असो, ज्याचे हात मोकळे असतील त्यानं येऊन कुंचा धरायचा, असा गल्लीचा रिवाज होता. पाजणी चालू असेल तर तिरडीसुद्धा मागच्या बोळातून नेत.

दिगंबर या कामात लहानपणापासून पटाईत. “आमच्या दिग्याचा हात लागला का सूत रेशमावानी सुटते,” असं नामदेव ज्याला त्याला सांगायचा. पण दिगंबरला त्या आंबूस वासाची शिसारी होती. पाजणी उरकली की तो चंदनाच्या साबणानं कोपरापर्यंत हात धुवायचा, बोटं नाकाशी न्यायचा, तोंड वाकडं करायचा, पुन्हा धुवायचा.

“भाऊजी, कातडं निंगन आता,” वहिनी म्हणायची.

“निंगू दे. दुसरं येईन, बिनवासाचं.”

ते दुसरं कातडं त्याला लवकरच मिळालं. रेल्वे कॉलनीत गोऱ्या-घाऱ्या अँग्लो-इंडियन पोरांचे नाच व्हायचे. तिथं एका गार्डाचा मुलगा लेस्ली ड्रम वाजवायचा. त्याच्याशी दिगंबरची गट्टी जमली. केस मानेवर आले, पँट पोटऱ्यांना चिकटली आणि दिगंबरचा डिग्बी झाला. त्यांच्या बँडचं नाव ‘द शटल्स’. नागपुरातल्या कुठल्याही गोष्टीला संत्र्याचं नाव द्यायचा जो सार्वत्रिक मोह आहे तो त्यानं टाळला, हे त्याच्या बाजूनं नोंदवतो. शटल म्हणजे धोटा. पण ऐकणाऱ्यांना ते बॅडमिंटनचं मंडळ वाटायचं. सराव सक्करदऱ्याच्या तलावाकाठी चाले, कारण दिवसभर खटखट ऐकणाऱ्या गल्लीला गिटार मात्र सोसेना. पुढं तलावावरच्या ढिवरांनीही तक्रार केली. “तुमच्या बोंबलण्यानं मासोळ्या तळाले बसून राहिल्या न बे!”

गाणी सिलोनच्या रेडिओवरची. ती ऐकून मी शब्द देवनागरीत उतरवून द्यावेत, असा त्यानं मला हुकूम सोडला होता. मी उतरवायचो. एकदा एका गाण्याचा अर्थ सांगायला गेलो, तर त्यानं कानांवर हात ठेवले.

“अर्थ नोका सांगू, मास्तर. अर्थ समजला का गळा दबते.”

मला तेव्हा हे फार मार्मिक वाटलं होतं. पुढं त्यानं सबंध आयुष्य या एका तत्त्वावर काढलं.

त्याला गाता येत होतं का? येत होतं. हे लिहिताना हात जड होतो, पण येत होतं. खापरखेड्याच्या वीज कामगारांच्या वसाहतीत गणपतीत त्यांचा कार्यक्रम होता. लोक भावगीतं ऐकायच्या तयारीनं सतरंज्या पसरून बसले होते. यांनी पहिलाच इंग्रजी हंबरडा फोडला तशी पुढच्या रांगेतली पोरं रडायला लागली. दुसऱ्या गाण्यात मंडपवाल्याची वायर जळाली आणि माईक, गिटार, दिवे सगळं बंद. जिथं वीज तयार होते तिथं अंधार झाल्यावर लोकांना जो आनंद होतो तो झाला. शिट्ट्या सुरू झाल्या. लेस्लीनं काठ्या खाली ठेवल्या. तेव्हा दिगंबर पुढं आला आणि लाकडी स्टेजवर पाय आपटू लागला. उजवा, डावा. खट, खट. मी ओळखलं: मागाच्या पावड्या, म्हणजे पायपट्ट्या, दाबणाऱ्या माणसाचे पाय. त्यावर तो नुसत्या गळ्यानं गायला. शब्द मीच उतरवून दिलेले होते आणि निम्मे चुकत होते. शिट्ट्या थांबल्या. कामगार माना हलवू लागले, मग मांडीवर हात मारू लागले. अंगावर काटा येणं हा प्रकार मी पुस्तकांतच वाचला होता. तो कुठून कुठं जातो ते त्या रात्री कळलं.

खाली उतरताच म्हणाला, “कसं वाटलं?”

“खोटं नव्हतं,” मी म्हणालो.

त्याला हे उत्तर आवडलं नाही. त्याला ‘झकास’ हवं होतं. त्यानंतर वीज कधी गेली नाही.

सत्तर साल उलटल्यावर तो मुंबईला गेला. मोठ्या पडद्यावर गायला म्हणून गेला होता. तिथं गाणारे पुष्कळ होते. लिहिणारे कमी होते, आणि अर्थाची फिकीर नसलेले तर त्याहून कमी. डिग्बीचा ‘दिगंत’ झाला. हिंदी सिनेमांत त्याची गाणी येऊ लागली. सुटीत आला की काळा चष्मा लावून गल्लीत फिरायचा आणि ‘मले-तुले’ सोडून ‘मला-तुला’ बोलायचा. एकदा दुपारी ओट्यावर बसला होता. वहिनी कांड्या भरत नेहमीचं गुणगुणत होती:

धोट्या गा धोट्या, दिसभर चाल्ला,
घरचा उंबरा नाई वलांडला.

दिगंतनं चष्मा काढला. “वहिनी, परत म्हण.” तिनं लाजत म्हटलं. “परत.” तिनं पुन्हा म्हटलं. त्यानं सिगारेटच्या पाकिटावर लिहून घेतलं.

पुढच्या वर्षी ते गाणं चौकाचौकांत वाजत होतं. सिनेमात विणकराच्या पोरीवर गिरणीमालकाचा मुलगा भाळतो. ती हातात सोनेरी धोटा घेऊन बर्फात नाचते. बर्फात का, हे विचारायचं नाही. एका लग्नाच्या मांडवात भोंग्यावर ते लागलं तेव्हा वहिनी माझ्या बायकोशेजारी बसली होती. तिनं कान टवकारले.

“हे माह्यंच होय काय वं?”

“तुमचंच दिसतंय,” माझी बायको म्हणाली.

वहिनी जरा वेळ ऐकत राहिली. “नेलं तं नेलं. देराचा हक्कच हाय. पन त्यानं उंबरा काढून टाकला न वं!” उंबऱ्याच्या जागी ‘सजना’ आला होता.

या गाण्यानंतर दिगंतला विणकरांचा कळवळा आला. लोक म्हणतात सिनेमात त्याची मागणी कमी होत होती. मला हिंदी सिनेमातलं कळत नाही. कळवळा मात्र डोळ्यांनी पाहिला. यंत्रमागानं हातमाग गिळत आणला होता. गांधीबागेतले व्यापारी नागपुरी लुगडं हातात घेऊन ‘ये अब कौन पहनता है’ म्हणत परत करायचे. गल्लीत सकाळी ऐकू येणारे माग एकेक करून बंद पडत होते. अशा वेळी दिगंत परतला, झब्बा घातला, दाढी राखली आणि दिगंतभाऊ झाला. सभा घेऊ लागला. झब्बा टेरिकॉटचा होता. एका सभेनंतर मी ते त्याच्या नजरेला आणून दिलं, तर म्हणाला, “सर, सुती लवकर चुरगळतं.”

भाषणाची त्याची एक ठरलेली जागा होती. आवाज खाली आणायचा, दोन्ही तळहात लोकांपुढं धरायचे आणि म्हणायचं, “हे हात पाहा! ह्या हातांनं कुंचा धरला हाय. ह्या हाताले अजूनही खळीचा वास येते!” टाळ्यांचा कडकडाट. त्या हातांत तीन अंगठ्या होत्या आणि वास अत्तराचा येत होता. मुंबईत टाकून दिलेलं ‘मले-तुले’ त्यानं सभेपुरतं परत आणलं होतं. व्यासपीठाच्या पायऱ्या उतरला की पुन्हा ‘मला-तुला’. मी पुष्कळ ढोंगं पाहिली आहेत. कॉलेजात नोकरी करणाऱ्याला त्यांची वाण नसते. पण आपल्या आईच्या बोलीला कोटासारखं खुंटीवर टांगून ठेवणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

लोक मात्र भाबडे. नामदेवही. वडील गेल्यावर घरात त्याचा एकच माग उरला होता. सूत द्यायची विणकरांची एक सोसायटी. मागच्या खेपेला नामदेव आजारी पडला आणि लुगडी उशिरा गेली. आता आलेलं सूत हे शेवटचं, यातला माल वेळेवर आणि बिनखोड आला तरच पुढचं, असं सोसायटीनं बजावलं होतं. म्हणजे त्या एका ताण्यावर त्याचा माग उभा होता. त्याच सुमारास दिगंतभाऊनं मंत्र्यांना गल्लीत आणायचं ठरवलं.

नामदेवच्या ओट्यावर बोलणं झालं तेव्हा मी वर्तमानपत्र वाचत तिथंच बसलो होतो.

“दादा, तुझी पाजणी त्या दिवशी ठेव. मंत्र्यांना दाखवू. जिवंत देखावा.”

“ठेवतो न. पन सकाऊनच करा लागन.”

“दहाला कर. ते दहाला येतात.”

नामदेव हसला. “दिग्या, येडा झाला काय गा? दहाच्या उन्हात खळ कुंच्याच्या पयले सुकते. तुले नाई मालूम?”

“मला सगळं माहीत आहे. पण मंत्री पहाटे उठून तुझ्या गल्लीत येणार आहे का? त्यांनी एकदा डोळ्यांनी पाहिलं, की सोसायटीचे पाय धरायची गरज नाही. सूत सरळ सरकारकडून. मी बोललोय.”

“बोलला हायस?”

“शब्द आहे माझा.”

आतून वहिनी म्हणाली, “शब्द नोका देऊ भाऊजी. तुमचे शब्द बदलतेत.”

नामदेवनं तिला डोळ्यांनी दटावलं. धाकट्या भावावर त्याचा जीव होता. ज्याचा हात लागला की सूत रेशमासारखं सुटतं, तो पोरगा त्याला अजूनही झब्ब्याच्या आत दिसत असावा. थंडीचे दिवस आहेत, ऊन नरम असतं, चार कुंचे जास्त धरले की निभेल, असा हिशेब करून त्यानं मान हलवली.

त्या दिवशी गल्लीत पताका, भोंगा, मधोमध नामदेवचा पांढराशुभ्र ताणा आणि पलीकडच्या टोकाला व्यासपीठ. भोंग्यावर बर्फातलं गाणं चालू होतं. दहाला जीपमधून एक कार्यकर्ता उडी मारून आला: साहेब चौकात पोचले. दिगंतभाऊनं हात वर करून खूण केली आणि नामदेवनं खळ पाजली. दोन्ही बाजूंनी कुंचे चालू झाले. माणसं लयीत पुढं सरकू लागली. जीव ओतून काम चाललं होतं, आणि ते बघण्यासारखं होतं, हे कबूल.

मंत्र्यांची गाडी आली. मंत्री उतरले. त्यांनी ताण्याकडं पाहून ‘वा, वा’ केलं आणि घड्याळाकडं पाहिलं. त्यांना विमान गाठायचं होतं. दिगंतभाऊ ताण्याजवळ धावत आला.

“चला, कुंचे ठेवा. सगळ्यांनी स्टेजवर या. साहेब शाली देणार आहेत.”

नामदेव थांबला नाही. “जरासा वेळ थांब गा. वलं हाय.”

“दादा, साहेबांना वेळ नाही.”

“सुताले बी नाई.”

आता मी जे पाहिलं ते नीट सांगतो, कारण यासाठीच हे लिहीत आहे. दिगंबरनं वाकून ताण्यातले दोनतीन दोरे चिमटीत धरले. अंगठा आणि तर्जनी, जशी लहानपणी धरायचा तशी. किंचित चोळून पाहिले. त्या बोटांना सगळं कळत होतं. सूत किती ओलं आहे, किती वेळ लागेल, थांबलं तर काय होईल, हे त्या गल्लीत त्याच्याइतकं नेमकं फार थोड्यांना कळलं असतं. अज्ञान असतं तर मी त्याला माफ केलं असतं. माझा धंदाच अज्ञानावर चालतो. त्यानं बोटं सोडली, सरळ उभा राहिला, आणि भोंग्याच्या माईकवर गेला.

“माझ्या विणकर भावांनो! ठेवा कुंचे! तुमच्या मानाचा क्षण आला हाय!”

माईकवरून भावानंच बोलावल्यावर, समोर मंत्री उभा असताना, माणसं काय करणार? पहिल्यांदा लांबच्या बाजूचे दोघे गेले. मग आणखी. कुंचे ओट्यावर टेकवून, ओले हात धोतराला पुसत सगळे रांगेत जाऊन उभे राहिले. नामदेव आणि वहिनी दोघंच उरली. एवढ्या लांब ताण्याला दोन कुंचे म्हणजे वणव्याला दोन लोटे. मग दोन कार्यकर्त्यांनी नामदेवलाही सन्मानानं, दंडाला धरून, स्टेजवर नेलं. तो सत्कारमूर्ती होता. तिथं तो अंगावर शाल घेऊन उभा होता आणि मंत्र्यांच्या खांद्यावरून आपल्या ताण्याकडं बघत होता. वहिनी एकटीच या बाजूनं त्या बाजूला धावत विंचरत होती. मी आणि माझ्या बायकोनं कुंचे उचलले. आम्हाला ते येत नव्हतं. आम्ही चार दोरे तोडले आणि वहिनीनं आम्हाला हातानंच बाजूला सारलं.

भाषण झालं. तळहात दाखवून झाले. टाळ्या झाल्या. मंत्र्यांनी सुताबद्दल एक शब्द काढला नाही; हातमागाचं एक संग्रहालय काढू, असं आश्वासन दिलं आणि ते निघून गेले.

नामदेव खाली आला तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं. त्यानं ताण्यावर बोटानं टिचकी मारली. कागदावर मारल्यासारखा आवाज आला. शाल घडी करून ओट्यावर ठेवली आणि बांबूच्या खुंट्या सोडू लागला.

पुढचं सांगून टाकतो. त्या सुतातून धड लुगडं निघालं नाही आणि सोसायटीनं पुढचं दिलं नाही. नामदेव गांधीबागेत एका पेढीवर यंत्रमागाच्या कापडाचे गठ्ठे उचलू लागला. संग्रहालय मात्र खरोखर निघालं. ‘एक अस्सल जुना माग’ मागायला संग्रहालयाची माणसं त्याच्याकडं आली, तेव्हा माग उरला नव्हता. त्या लाकडांवर वहिनीनं एक सबंध हिवाळा अंघोळीचं पाणी तापवलं होतं.

पण दिगंबरचं मला झालेलं शेवटचं दर्शन त्या सभेच्या दिवसाचंच. त्यानंतर तो पुष्कळदा दिसला, पण छापलेला.

मंत्री गेल्यावर तो जीपमध्ये पुढं बसला होता, गळ्यात हार. वहिनी ताण्याशेजारी खळीचं रिकामं घमेलं घेऊन उभी होती. मी तिच्या मागं. जीप आमच्यापाशी येऊन थांबली. दिगंबर बाहेर वाकला. भाषण उत्तम झाल्याचं तेज चेहऱ्यावर होतं. त्यानं घमेल्याकडं पाहिलं नाही, ताण्याकडं पाहिलं नाही. जुन्या सवयीनं, अगदी मनापासून, विचारलं:

“कसं वाटलं?”

मी तोंड उघडण्याआधी वहिनी बोलली. आवाज चढवला नाही.

“हाताचा वास घेऊन पाहा न, भाऊजी. थोच सांगन.”

काय होतंय हे कळायच्या आत त्याचा उजवा हात वर गेला. सांगितलेलं करून दाखवायची कलावंताची खोड, दुसरं काय! अंगठा आणि तर्जनी त्यानं नाकाशी नेली. खळ बोटांवर पांढरी सुकली होती. तोंड वाकडं झालं, नाकपुड्या आखडल्या, आणि खिशात रुमाल शोधत तो ड्रायव्हरला म्हणाला, “चल, चल.”

ती शिसारी वासाची होती की आणखी कशाची, हे मी ठरवत बसलो नाही. इतक्या वर्षांत दिगंबरबद्दल त्याचं स्वतःचं आणि माझं मत एकच झालेलं मी तेवढ्या वेळापुरतंच पाहिलं.